‘बॉडी अँड सोल’: काळी एक, पांढरी दोन आणि परत (प्रकल्प नोंदी)

४ जून

सप्टेंबरची बैठक माझ्याकडे आली. आमच्या गटात ख्याल, ठुमरी, नाट्यसंगीत ऐकणारी मंडळी आहेत. बहुतेकांचा कान पक्का आहे, पण जॅझ फारसं कुणी ऐकलेलं नाही. दोन तास आहेत. दोन तासांत जॅझचा इतिहास सांगायला गेलो तर नावांची यादी होईल आणि संगीत बाजूलाच राहील, म्हणून एकच गाणं घेतो: ‘बॉडी अँड सोल’. १९३० चं गाणं आहे, संथ लयीचं, आणि वादकांनी त्याला आजवर सोडलेलं नाही.

प्रकल्पाचा प्रश्न आजच लिहून ठेवतो. टेनर सॅक्सोफोनवादक कोलमन हॉकिन्सच्या १९३९ च्या ध्वनिमुद्रणात गाण्याची चाल पहिल्या काही बारांपुरतीच (बार म्हणजे इथे चार मात्रांचा एक खण) ऐकू येते. पुढे ती जवळपास येतच नाही. तरीही ते ‘बॉडी अँड सोल’च आहे याबद्दल आजवर कुणाला शंका आलेली नाही. मग हॉकिन्सने ठेवलं काय? याचं उत्तर स्टाफ नोटेशन (पाश्चात्त्य स्वरलिपी) न दाखवता, पेटीवर वाजवून, सा ओळखणाऱ्या कानांना पटलं पाहिजे.

११ जून

गाण्याच्या जन्माची माहिती एका पानात बसवली, यापेक्षा जास्त वेळ त्यावर द्यायचा नाही. संगीत जॉनी ग्रीनचं, तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता. हार्वर्डमध्ये अर्थशास्त्र शिकलेला मुलगा, पुढे एमजीएम या हॉलिवूडच्या चित्रपट कंपनीच्या संगीत विभागाचा प्रमुख झाला. शब्द एडवर्ड हेमन, रॉबर्ट सॉर आणि फ्रँक आयटन या तिघांचे. गाणं लिहिलं न्यू यॉर्कमध्ये, पण इंग्लिश अभिनेत्री गर्ट्रूड लॉरेन्ससाठी, त्यामुळे ते आधी लंडनमध्ये गाजलं. अमेरिकेत ऑक्टोबर १९३० मध्ये ‘थ्रीज अ क्राउड’ या ब्रॉडवेच्या कार्यक्रमात लिबी हॉलमनने ते रंगमंचावर आणलं. त्याच महिन्यात, देशाच्या दुसऱ्या टोकाला लॉस एंजेलिसमध्ये, लुई आर्मस्ट्राँगने ते गाऊन आणि ट्रम्पेटवर वाजवून ध्वनिमुद्रितही केलं. म्हणजे रंगभूमीचं गाणं आणि जॅझचं गाणं म्हणून त्याचं आयुष्य जवळजवळ एकदमच सुरू झालं.

१९ जून

आज पेटी घेऊन बसलो. गाणं डी-फ्लॅटमध्ये आहे, म्हणजे आपली काळी एक, पेटीच्या सप्तकातली पहिली काळी पट्टी. हा योगायोग फार उपयोगी पडणार, कारण आमच्या गटातल्या प्रत्येकाला काळी एकचा सा तोंडपाठ आहे.

बांधणी: चार चार मात्रांचे ३२ बार, म्हणजे १२८ मात्रांचं एक आवर्तन. आठ बारांचा पहिला भाग, तोच पुन्हा, मग वेगळा आठ बारांचा ब्रिज, शेवटी पहिला भाग परत. अस्थायी दोनदा, अंतरा, पुन्हा अस्थायी, असं सांगितलं तर लगेच कळेल.

अस्थायीच्या पहिल्याच कॉर्डमध्ये, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या सुरांच्या जुळणीत, पहिलं नवल आहे. गाणं सा-ग-पवर सुरूच होत नाही. सुरू होतं रे-म-धवर: काळी दोन, काळी तीन, काळी पाच. चालही रे आणि ग या दोन शेजारच्या सुरांवर डोलत निघते. घर कुठे आहे ते कानाला कळतं, पण घरात पाऊल पडतं ते तिसऱ्या बारात: रे-म-ध, मग प-नी-रे-म, मग सा-ग-प. उत्कंठा आधी आणि विसावा नंतर, हा या गाण्याचा स्वभाव पहिल्या तीन बारांतच ठरतो.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. पहिल्या बारातच रे-म-धनंतर एक कॉर्ड येते: ध, कोमल रे, ग, प. तिचं काम साधं, पुन्हा रे-म-धकडे ढकलायचं. पण त्या निमित्ताने कोमल रिषभ गाण्यात शिरतो, अगदी सुरुवातीला, एखाद्या मात्रेपुरता. ब्रिज आल्यावर हा कोमल रिषभ पुन्हा भेटणार आहे.

चौथ्या-पाचव्या बारातली घसरणही पेटीवर छान दिसते: ग, कोमल ग, रे, असे तीन आधारसूर लागोपाठ खाली येतात. हे बोटांनी हळू दाखवायचं.

२२ जून

ब्रिज. सगळा दिवस यात गेला आणि तो तसाच जायला हवा होता.

अस्थायी दोनदा होऊन गाणं काळी एकच्या सा-ग-पवर विसावतं, आणि पुढच्याच क्षणी सगळं पांढरी दोनमध्ये जातं. म्हणजे डी मेजर. सा अर्ध्या सुराने वर सरकतो. ज्याला आपण इतका वेळ कोमल रिषभ म्हणत होतो, तोच आता सा होतो. पहिल्या बारात ज्याची नुसती चाहूल लागली होती, त्याच सुरावर ब्रिज उभा आहे. ग्रीनने हे जाणूनबुजून केलं की हाताला आपोआप आलं, याने मला फरक पडत नाही. कानाला धागा लागतो एवढं पुरे.

आणि हे जोडलेलं कसं आहे पाहा. घरचा सा, काळी एक, हा पांढरी दोनचा शुद्ध निषाद आहे. पांढरी दोनकडे नेणाऱ्या कॉर्डमध्ये तो असतो आणि वर, नव्या साकडे, ओढ घेतो. आपलं घरच दुसऱ्या घराचा उंबरठा ठरतं.

चार बार तिथे. मग दुसरं वळण: डी मेजरमधला शुद्ध गांधार उतरून कोमल होतो, मेजरचा मायनर होतो. एकच सूर अर्ध्याने खाली. पण आता हीच कॉर्ड सीमधली, म्हणजे पांढरी एकमधली, रे-म-ध झाली आहे. मग प-नी-रे-म, मग सा-ग-प. गाण्याची सुरुवात ज्या हालचालीने झाली, तीच हालचाल आता अर्धा सूर खालच्या सापासून. काळी एकहून अर्धा सूर वर जाऊन, अर्धा सूर खाली येऊन, गाणं आता दोन्ही बाजूंनी घराला स्पर्श करून आलं आहे.

शेवटच्या बारात परतीची वाट: पांढरी एक, पांढरी सात, काळी पाच या आधारांवरच्या तीन कॉर्ड, प्रत्येक अर्धा सूर खाली. तिसरी कॉर्ड म्हणजे पहिल्या बारातली ध-कोमल रे-ग-प. तिथून रे-म-ध, आणि अस्थायी पुन्हा सुरू.

संध्याकाळी एक प्रयोग केला. इलेक्ट्रॉनिक तानपुरा काळी एकवर लावून अस्थायी वाजवली: चालून गेली, काही ठिकाणी तर फार गोड. तसाच ब्रिज वाजवला आणि पहिल्याच कॉर्डला तानपुरा आणि पेटी एकमेकांवर घासू लागले. बैठकीत हे करायचंच. आपल्या संगीतात सा हलत नाही आणि सगळं त्या स्थिर साच्या संदर्भात घडतं. इथे साच प्रवासाला निघतो, आणि श्रोत्याचा आनंद तो कुठे पोचला हे ओळखण्यात आहे. यावर पाच मिनिटं भाषण देण्यापेक्षा तानपुरा बंद करण्याचा तो एक क्षण जास्त सांगेल.

६ जुलै

छापील कॉर्ड-पत्रिका पाच-सहा जमवल्या. दोन पत्रिका तंतोतंत सारख्या नाहीत. अस्थायीच्या दुसऱ्या बारात कुणी एक कॉर्ड देतं, कुणी दोन. ब्रिजच्या चौथ्या बारातही तसंच. यात शुद्ध पाठ शोधत बसण्यात अर्थ नाही. पिढ्यानपिढ्या वादकांनी मधल्या पायऱ्या वाढवल्या, काढल्या. मुक्कामाची ठिकाणं मात्र सगळ्यांत तीच आहेत, आणि बैठकीसाठी मला तीच हवीत. म्हणून माझ्या पानावर फक्त मुक्काम लिहिले.

गटातल्या ज्येष्ठ सॅक्सोफोनवादकांना भेटलो. त्यांनी एक गोष्ट सांगितली जी पेटीवर कधीच कळली नसती. टेनर सॅक्सोफोनच्या लेखी सूर एक पूर्ण सूर वर लिहिला जातो. त्यामुळे वादकाच्या कागदावर हे गाणं ई-फ्लॅटमध्ये, ब्रिज ई मेजरमध्ये: तीन फ्लॅटांतून (अर्ध्याने उतरवलेल्या सुरांतून) थेट चार शार्पांत (अर्ध्याने चढवलेल्या सुरांत). “अहो, आठ बार बोटं एका घडीत बसतात आणि मग सगळी घडी मोडून दुसरी घालायची. ते करताना लय ढळू द्यायची नाही, हीच परीक्षा,” असं म्हणाले. पियानोवर पाच फ्लॅटांतून दोन शार्पांत, मग एकही नाही. संथ गाण्यात ही कसरत लपत नाही, आणि टेनरवाले नेमकं याच गाण्यावर स्वतःला तपासून पाहतात.

१४ जुलै

हॉकिन्सच्या आधीची ध्वनिमुद्रणं ऐकली. दोन निवडली.

पहिलं बेनी गुडमन ट्रायोचं, १३ जुलै १९३५. क्लॅरिनेटवर गुडमन, पियानोवर टेडी विल्सन, ड्रमवर जीन क्रूपा. बास (खर्जातलं मोठं तंतुवाद्य) वाजवणारा नाही, त्यामुळे कॉर्डचा सगळा भार विल्सनच्या डाव्या हातावर आहे आणि तो हात स्वच्छ ऐकू येतो. ज्यांना कॉर्ड कशा सरकतात हे प्रथम ऐकायचं आहे, त्यांना याहून चांगलं ध्वनिमुद्रण मिळणार नाही. विल्सन कृष्णवर्णीय, बाकी दोघे गोरे. त्या काळच्या अमेरिकेत त्यांनी स्टुडिओत एकत्र वाजवणं एक गोष्ट होती, लोकांसमोर एका मंचावर बसणं दुसरी. ते पुढच्या वर्षी शिकागोत घडलं. हे बैठकीत सांगायचं, थोडक्यात पण नीट.

दुसरं १९३८ चं, टेनरवर चू बेरी आणि ट्रम्पेटवर रॉय एल्ड्रिज. एल्ड्रिजच्या वेळी लय दुप्पट होते, कॉर्ड मात्र त्याच संथ चालीने बदलत राहतात. आपल्याकडे ठाय आणि दुगुन माहीत असलेल्यांना हे ताबडतोब कळेल. एका वर्षाने हॉकिन्सने जे केलं ते किती वेगळं होतं, हे याच्या शेजारी ठेवल्यावर दिसतं.

२० जुलै

११ ऑक्टोबर १९३९, न्यू यॉर्क. हॉकिन्स पाच वर्षं युरोपात राहून त्याच उन्हाळ्यात परतला होता. क्लबमध्ये तो हे गाणं वाजवत असे, पण ध्वनिमुद्रणाच्या दिवशी ते त्याच्या मनात नव्हतं. निर्मात्याच्या आग्रहाने सत्राच्या शेवटी घेतलं. निकाल सुमारे तीन मिनिटांचा: जीन रॉजर्सचा चार बारांचा पियानो, आणि नंतर हॉकिन्सची दोन आवर्तनं, ६४ बार, मध्ये दुसऱ्या कुणाचा एकल भाग नाही. गायिका नाही, शेवटी चाल पुन्हा वाजवणं नाही. अशी तबकडी ब्लूबर्ड कंपनीने काढली आणि लोकांनी ती डोक्यावर घेतली. पुढे २००४ मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेसने तिला राष्ट्रीय ध्वनिमुद्रण नोंदवहीत स्थान दिलं.

आज माझ्या मुक्कामांच्या पानासोबत ऐकलं. पहिल्या बारांत चाल ओळखू येते, मग तो तिच्यापासून दूर जातो. त्यानंतर प्रत्येक बारात तो कॉर्डचे सूर उलगडत जातो: खालून वर, वरून खाली, मधल्या फटी अर्ध्या सुरांनी भरत. पानावरच्या कॉर्डवर बोट ठेवून ऐकलं तर एकही मुक्काम चुकत नाही. उलट तो मुक्काम वाढवतो. घरी परतण्याआधीच्या प-नी-रे-मच्या जागी तो कधी अशी कॉर्ड सुचवतो जिचा आधार अर्धा सूर वरून घराकडे येतो, म्हणजे पुन्हा आपला कोमल रिषभ. ती कॉर्ड: कोमल रे, म, कोमल ध, नी. म आणि नी दोन्ही कॉर्डमध्ये तेच राहतात, बाकीचे दोन बदलतात. आमच्या मंडळींना हे सूर वेगळे वाजवून दाखवणार आहे. कोमल रिषभ-धैवत आणि शुद्ध मध्यम-निषाद एकत्र ऐकून कुणाला भैरव आठवला तर त्यात गैर काही नाही. इथे राग नाही, पण कोमल रे साकडे आणि कोमल ध पकडे झुकतो ती ओढ तीच आहे. त्या काळी काही ऐकणाऱ्यांना हॉकिन्सचे हे सूर बेसूर वाटले होते. भैरवावर वाढलेल्या कानाला कदाचित वाटणार नाहीत.

दुसऱ्या आवर्तनात मागचे वाद्यवाले लांब सूर धरतात आणि हॉकिन्सचा आवाज भरत, तापत जातो. शिखर शेवटच्या अस्थायीत येतं. विस्ताराची ही चढण आमच्या मंडळींना समजावून सांगावी लागणार नाही. बढत ऐकत त्यांची आयुष्यं गेली आहेत.

पहिल्या नोंदीतल्या प्रश्नाचं उत्तर माझ्यापुरतं मिळालं: हॉकिन्सने रस्ता ठेवला. काळी एक, पांढरी दोन, पांढरी एक, काळी एक. या गाण्याची ओळख चालीपेक्षा जास्त या रस्त्यात आहे. आता हे बैठकीत सिद्ध करायचं.

३ ऑगस्ट

गाणाऱ्यांची बाजू. गायिका बिली हॉलिडेचं फेब्रुवारी १९४० चं घेतो. हॉकिन्सची तबकडी निघून चारच महिने झाले होते. ती शब्द सोडत नाही, पण चालीतला प्रत्येक सूर मात्रेच्या किंचित मागे ठेवते. त्यामुळे कॉर्ड आधी बदलते आणि तिचा सूर नंतर पोचतो. या गाण्याला ही पद्धत शोभते, कारण गाण्यातच विसावा उशिरा आहे.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ड्यूक एलिंग्टनने पियानोवर आणि जिमी ब्लँटनने बासवर, दोघांनीच, हे गाणं ध्वनिमुद्रित केलं. बास इथे साथीला नाही, तो गातो. ब्लँटन वयाच्या तेविसाव्या वर्षी, १९४२ मध्ये वारला. हे ध्वनिमुद्रण मला फार प्रिय आहे आणि वेळ कमी पडला तरी काढणार नाही.

मार्च २०११ मध्ये टोनी बेनेट आणि एमी वाइनहाउस यांनी लंडनच्या अ‍ॅबी रोड स्टुडिओत ते गायलं. तिचं ते शेवटचं ध्वनिमुद्रण. जुलैमध्ये ती गेली. २०१२ मध्ये त्याला ग्रॅमी मिळालं. तरुण मंडळी येणार आहेत, त्यांना हे आधी ऐकवलं तर बाकीच्यांकडे जायला वाट मिळेल. म्हणून काळाचा क्रम मोडून सुरुवात याने करायची.

हॉकिन्सच्या एकलाला गायक एडी जेफरसनने शब्द बसवले होते आणि १९७९ मध्ये मॅनहॅटन ट्रान्सफर या गायकगटाने ते चौघांच्या आवाजात गायले. तान इतकी प्रिय झाली की तीच बंदिश झाली. दोन मिनिटं ऐकवायचं.

१७ ऑगस्ट

सॅक्सोफोनवादक जॉन कोल्ट्रेन, २४ ऑक्टोबर १९६०. पियानोवर मॅकॉय टायनर, बासवर स्टीव्ह डेव्हिस, ड्रमवर एल्विन जोन्स. त्याच आठवड्यातल्या सत्रांतून ‘माय फेव्हरिट थिंग्ज’ही आलं. हे ध्वनिमुद्रण मात्र ‘कोल्ट्रेन्स साउंड’ या तबकडीवर १९६४ मध्ये बाहेर पडलं.

इथे लय संथ राहिलेली नाही, मध्यम झुलती आहे. अस्थायीत खाली बराच वेळ एकच सूर धरलेला, वर कॉर्ड हलतात. तानपुऱ्याची सवय असलेल्यांना लगेच आपलंसं वाटेल.

ब्रिजमध्ये त्याने नवे मुक्काम घातले. मूळ गाणं पांढरी दोनमध्ये चार बार राहतं. कोल्ट्रेन त्या चार बारांत पांढरी दोन, काळी पाच, काळी तीन आणि पुन्हा पांढरी दोन असा फेरा मारतो. प्रत्येक टप्पा चार अर्ध्या सुरांचा, सप्तकाचे बरोबर तीन समान भाग. आदल्या वर्षी ‘जायंट स्टेप्स’ या स्वतःच्या रचनेत त्याने हीच वाट घेतली होती. पुढच्या चार बारांत तोच फेरा पांढरी एकपासून.

मला यात आदर दिसतो. त्याने निघायचं ठिकाण आणि पोचायचं ठिकाण जसंच्या तसं ठेवलं आणि त्या दोहोंच्या मध्ये जागा काढली. हॉकिन्सने चाल सोडून रस्ता राखला. कोल्ट्रेनने चाल राखून रस्त्याला वळणं दिली. दोघांच्या मध्ये एकवीस वर्षं आहेत, आणि दोघांनाही गाणं पुरलं.

पेटीवर हे चार बार धीम्या लयीत बसवायला वेळ लागेल. रोज थोडं.

३० ऑगस्ट

क्रम ठरला. बेनेट-वाइनहाउस. मग पेटी: अस्थायी, तानपुऱ्यासह आणि तानपुरा बंद करून ब्रिज. गुडमन ट्रायो. एल्ड्रिज-बेरी. हॉकिन्स, सलग दोनदा, मध्ये एक शब्द न बोलता. चहा. हॉलिडे, एलिंग्टन-ब्लँटन, मॅनहॅटन ट्रान्सफरचा तुकडा. पेटीवर कोल्ट्रेनचा फेरा, मग कोल्ट्रेन.

शेवटाला सोनी रॉलिन्स, १९५८: टेनर सॅक्सोफोन, बाकी कुणी नाही. पियानो नाही, बास नाही, ठेका नाही. यात कॉर्ड वाजवणारं कुणी नाही, तरी कॉर्ड ऐकू येतात असं माझं म्हणणं आहे. श्रोत्यांना सांगायचं: डोळे मिटा, आणि सा सरकला असं वाटेल तेव्हा हात वर करा.

१४ सप्टेंबर

बैठक झाली. तानपुरा बंद केला तेव्हा खोलीत “हां” असा एकत्र आवाज आला. हॉकिन्सच्या दुसऱ्या फेरीत दोन-तीन जण मात्रा मोजत होते आणि ब्रिजला मान डोलवत होते. भैरवाच्या मुद्द्यावर एका गायिकाबाईंनी हरकत घेतली: भैरवातला कोमल रिषभ आंदोलित असतो, सॅक्सोफोनवाल्याचा सरळ पुढे जातो, तेव्हा ओढ एकच म्हणू नका. त्यांचं म्हणणं वजनदार आहे आणि टिपणात तसंच, त्यांच्या बाजूने, लिहिणार आहे.

रॉलिन्सच्या वेळी ब्रिज आला आणि निम्म्याहून जास्त हात वर गेले. काही अर्धा बार उशिरा, पण गेले. परतीच्या कॉर्डना तर जवळजवळ सगळे.

१६ सप्टेंबर

मागणी आली आहे की हीच पद्धत आणखी एका गाण्यावर लावावी. त्याआधी दोन कामं. मुक्कामांचं पान सुवाच्य करून, काळी-पांढरीच्या भाषेतच, सगळ्यांना पाठवणं. आणि थेलोनियस मंकचं १९६२ चं एकट्या पियानोवरचं ‘बॉडी अँड सोल’ नीट ऐकणं. वेळेअभावी ते बैठकीत आलं नाही, आणि त्याच्या डाव्या हातात अस्थायीच्या दुसऱ्या बारात जे होतं ते मला पेटीवर उतरवून पाहायचं आहे.